कल्पित बहुविश्वे आणि काळाचे धोके : प्रस्तावना

आधी कारण, मग परिणाम. आधी जन्म, मग मृत्यू. काल, आज आणि उद्या. काळाचा हा क्रम जिथे तुटतो, उलटतो, स्वतःभोवती फिरू लागतो किंवा दुसऱ्याच एखाद्या क्रमात मिसळतो, तिथे कालविसंगती निर्माण झाली असे विज्ञानकथेत मानले जाते. कथेत एकच विश्व असेल तर अशा विसंगतीचे परिणाम त्या विश्वापुरते राहतात. पण जिथे लेखकाने अनेक समांतर विश्वे कल्पिली आहेत, तिथे एका ठिकाणचा बिघाड शेजारच्या विश्वात शिरतो. कधी दोन इतिहास एकमेकांत मिसळतात, तर कधी एक विश्व वाचवण्यासाठी दुसऱ्याचा बळी द्यावा लागतो. अशा कथांमधला धोका वरवर पाहता यंत्राचा किंवा अपघाताचा वाटतो. प्रत्यक्षात तो त्या कल्पित विश्वाने कार्यकारणभावाविषयी जो नियम मानलेला असतो, त्यातून येतो. नियम कोणता, तो कोणी मोडला आणि त्याची किंमत कोणाला मोजावी लागली, या तीन गोष्टी पाहिल्या की या प्रकारच्या साहित्याचा बराचसा उलगडा होतो.

पूर्वपीठिका

काळ सगळीकडे सारख्या गतीने चालत नाही, ही कल्पना यंत्रयुगाच्या फार आधीची आहे. पुराणांतला राजा ककुद्मी आपल्या रेवती नावाच्या मुलीसाठी योग्य वर कोण, हे विचारायला तिला घेऊन ब्रह्मलोकी जातो. तिथे गंधर्वांचे गायन चालू असल्यामुळे तो थोडा वेळ थांबतो. गायन संपल्यावर तो आपल्या मनातील वरांची नावे सांगतो, तेव्हा ब्रह्मदेव हसून सांगतो की दरम्यान पृथ्वीवर २७ चतुर्युगे उलटून गेली आहेत. एक चतुर्युग ४३ लाख २० हजार वर्षांचे धरले, तर हा काळ ११ कोटी ६६ लाख वर्षांहून अधिक होतो. राजाच्या मनातील वर, त्यांची मुले, नातवंडे, कोणीच उरलेले नसते. शेवटी रेवतीचा विवाह बलरामाशी होतो. कथेचा शेवट मंगल असला तरी तिच्या पोटात एक मोठी हानी आहे : परतायला ज्याला गाव आणि गोत उरलेले नाही, असा प्रवासी इथे पहिल्यांदा भेटतो.

योगवासिष्ठातले लीलोपाख्यान याच्याही पुढे जाते. पद्म राजाच्या मृत्यूनंतर राणी लीला सरस्वतीच्या कृपेने पाहते, की तिचा पती दुसऱ्याच एका जगात राजा म्हणून नांदतो आहे आणि ते जग याच महालाच्या आकाशात सामावलेले आहे. मग तिला कळते, की पद्म आणि लीला हेही त्याआधी एका ब्राह्मण दांपत्याच्या रूपात होते. त्या ब्राह्मणाच्या घरी त्याच्या मृत्यूला जेमतेम आठ दिवस झाले आहेत, पण इकडे पद्माचे सारे राजेपण भोगून संपले आहे. एकात एक वसलेली विश्वे आणि प्रत्येकाचे वेगळे घड्याळ, ही आजच्या बहुविश्वकथांची चौकट इथे पूर्ण दिसते. फरक आहे तो हेतूचा. लीलोपाख्यानाला जगाचे मिथ्यात्व दाखवायचे आहे, त्यामुळे काळातली तफावत तिथे धोका ठरत नाही, ती बोध ठरते. जग खरे आहे आणि ते हातचे जाऊ शकते, असे मानल्याशिवाय धोका उत्पन्न होत नाही.

यंत्रयुगातील वळण

एच. जी. वेल्स यांच्या 'द टाइम मशीन' या १८९५ मधील कादंबरीने काळात इच्छेनुसार मागेपुढे जाण्याचे साधन माणसाच्या हाती दिले. वेल्स यांचा प्रवासी भविष्यात जातो आणि परततो. त्याच्या जाण्याने इतिहास बिघडत नाही. बिघाडाची शक्यता गंभीरपणे मांडली ती पुढच्या पिढीने.

त्यातली मैलाचा दगड ठरलेली कथा म्हणजे मरे लीन्स्टर यांची 'साइडवाइज इन टाइम'. ती १९३४ मध्ये 'अस्टाउंडिंग स्टोरीज' या अमेरिकन मासिकात आली. तिच्यात काळाच्या एका उत्पातामुळे पृथ्वीच्या पृष्ठभागाचे तुकडे आपापल्या जागेवरून नाहीसे होतात आणि तिथे दुसऱ्या इतिहासातील तेच भूभाग येऊन बसतात. मिसुरी राज्यात रोमन सैनिक दिसतात, कारण त्या इतिहासात रोमन साम्राज्य अमेरिकेपर्यंत पोचले आहे. सॅन फ्रान्सिस्कोवर झारशाही रशियाचा झेंडा फडकतो. मिनॉट नावाच्या गणिताच्या प्राध्यापकाला हा उत्पात आधीच कळलेला असतो, पण तो जगाला सावध करत नाही. मागासलेल्या एखाद्या इतिहासात शिरून तिथला सत्ताधीश व्हावे, असा त्याचा डाव असतो. नैसर्गिक उत्पात आणि त्याचा फायदा उठवू पाहणारा जाणकार माणूस, ही जोडी पुढे या साहित्यात वारंवार येते. वैकल्पिक इतिहासावरील लेखनासाठी १९९५ मध्ये सुरू झालेला 'साइडवाइज' पुरस्कार याच कथेच्या नावाने दिला जातो.

खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉइल यांची 'ऑक्टोबर द फर्स्ट इज टू लेट' ही १९६६ मधील कादंबरी याच कल्पनेला वेगळे रूप देते. एके दिवशी पृथ्वीवरचे देश वेगवेगळ्या काळांत जाऊन पडतात. ब्रिटन १९६६ मध्येच राहते, फ्रान्सच्या भूमीवर १९१७ चे महायुद्ध चालू असते, ग्रीसमध्ये इसवी सनापूर्वीच्या पाचव्या शतकातले अथेन्स नांदत असते आणि रशियाच्या जागी दूरच्या भविष्यातले काचेसारखे सपाट, निर्जीव मैदान पसरलेले असते. ब्रिटनमधील माणसांना महायुद्धाचा शेवट ठाऊक आहे, पण खंदकात मरणाऱ्या सैनिकांना नाही. ते युद्ध थांबवावे की नाही, हा प्रश्न त्यांच्यापुढे उभा राहतो. काचेचे मैदान तर मानवजातीचा शेवट कसा असेल, हे आधीच सांगून टाकते. हॉइल यांनी इथे राक्षस किंवा स्फोट आणलेला नाही. जे घडणार आहे ते आजच समोर दिसणे, हाच त्यांच्या कादंबरीतला सर्वांत मोठा धोका आहे.

शास्त्राचा आधार

विज्ञानकथेने काळाशी खेळ सुरू केला तेव्हा शास्त्रही स्वस्थ बसलेले नव्हते. आइन्स्टाइनच्या सापेक्षतेनुसार वेग आणि गुरुत्वाकर्षण यांप्रमाणे काळाची गती बदलते. हे आता रोजच्या व्यवहारात उतरले आहे : जीपीएसच्या उपग्रहांवरील घड्याळे जमिनीवरील घड्याळांच्या तुलनेत दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि तेवढी दुरुस्ती करावी लागते. ककुद्मीच्या कथेतील तफावत प्रमाणाने अफाट असली तरी असा फरक पडणे तत्त्वतः शक्य आहे.

भूतकाळात जाणे ही मात्र वेगळी गोष्ट. कुर्ट ग्योडेल यांनी १९४९ मध्ये आइन्स्टाइनच्या समीकरणांचे असे एक उत्तर मांडले, की ज्यात फिरणाऱ्या विश्वातील प्रवासी पुढे पुढे जात स्वतःच्याच भूतकाळात पोचू शकतो. आपले विश्व तसे फिरत असल्याचा पुरावा नाही. पण समीकरणे अशा वाटेला मनाई करत नाहीत, एवढे त्यातून स्पष्ट झाले. पुढे रशियन शास्त्रज्ञ ईगोर नोव्हिकोव्ह यांनी असे सुचवले, की अशी वाट असलीच तरी तिच्यावर सुसंगत घटनाच घडू शकतील; इतिहासाला छेद देणारी कृती तडीस जाणारच नाही. स्टीफन हॉकिंग यांनी १९९२ मध्ये मांडलेल्या तर्कानुसार निसर्गाचे नियमच भूतकाळाकडे जाणारी वाट तयार होऊ देत नाहीत.

बहुविश्वाची बाजू आली ती पुंजभौतिकीतून. ह्यू एव्हरेट यांनी १९५७ मधील आपल्या प्रबंधात असे प्रतिपादन केले, की मोजमापाच्या वेळी अनेक शक्यतांपैकी एकच खरी ठरते असे मानण्याची गरज नाही. सर्व शक्यता आपापल्या शाखांत प्रत्यक्षात येतात. लेखकांना याचा मोठा उपयोग झाला. भूतकाळ बदलला की जुना इतिहास पुसला जातो, या मार्गाला आता दुसरा पर्याय मिळाला : जुना इतिहास तसाच राहतो आणि बदलासोबत नवा फाटा फुटतो. नोव्हिकोव्ह, हॉकिंग आणि एव्हरेट यांच्या या तीन भूमिका म्हणजे कल्पित बहुविश्वांच्या तीन वेगवेगळ्या राज्यघटनाच आहेत. कोणत्या विश्वात काय धोकादायक ठरेल, हे त्या विश्वाने यांपैकी कोणती भूमिका स्वीकारली त्यावर अवलंबून असते.

विसंगतींचे मुख्य प्रकार

पहिला प्रकार कालवर्तुळाचा. यात ठरावीक कालखंड पुन्हा पुन्हा घडतो आणि अडकलेल्यांना त्याची आठवण राहत नाही. 'स्टार ट्रेक : द नेक्स्ट जनरेशन' या मालिकेच्या १९९२ मधील 'कॉज अँड इफेक्ट' या भागात एंटरप्राइज हे यान काळाच्या एका भेगेतून बाहेर आलेल्या जुन्या यानावर आदळून नष्ट होते आणि लगेच सारे पहिल्यापासून सुरू होते. प्रत्येक फेरीत माणसांना हे आधी घडल्याची पुसट जाणीव होत जाते आणि ती जाणीवच अखेर सुटकेचा मार्ग ठरते. यानाबाहेरच्या जगात तोवर १७ दिवसांहून अधिक काळ गेलेला असतो. त्या जुन्या यानातील माणसे तर ९० वर्षे मागे राहिलेली असतात. वर्तुळातून सुटले तरी गेलेला काळ परत मिळत नाही.

दुसरा प्रकार मूळ नसलेल्या गोष्टींचा. भविष्यातून आलेली वस्तू किंवा माहिती भूतकाळात दिली जाते, तीच जपली जाऊन पुन्हा भविष्यात पोचते. मग ती मुळात निर्माण कोणी केली? रॉबर्ट हाइनलाइन यांनी १९४१ मध्ये हा पेच कथेत आणला आणि १९५९ मधील 'ऑल यू झॉम्बीज' या कथेत तो टोकाला नेला. तिथे एकच व्यक्ती स्वतःची आई आणि स्वतःचा बाप ठरते. २०१७ ते २०२० या काळातील 'डार्क' या जर्मन मालिकेने हाच पेच विंडन नावाच्या गावातील चार कुटुंबांवर पसरवला. तिथे इतिहास बदलेल ही भीती नाही. तो बदलतच नाही आणि प्रत्येक प्रयत्न त्याच गाठीला आणखी घट्ट करतो, हे तिथले संकट आहे.

तिसरा प्रकार स्वतःचेच मूळ तोडण्याचा. प्रवासी आपल्या पूर्वजाला मारतो. मग तो जन्मलाच नाही. मग मारले कोणी? फ्रेंच लेखक रने बार्जाव्हेल यांच्या १९४० च्या दशकातील कादंबरीत नेपोलियनला मारायला गेलेला प्रवासी चुकून आपल्याच पूर्वजाचा जीव घेतो. एकाच विश्वाच्या चौकटीत हा पेच सुटत नाही. बहुविश्वात तो सुटतो. पण मग प्रवासी ज्या घरी परततो, ते त्याचे घर राहत नाही.

चौथा प्रकार लहान कारणाच्या प्रचंड परिणामाचा. रे ब्रॅडबरी यांच्या १९५२ मधील 'अ साउंड ऑफ थंडर' या कथेत डायनोसॉरच्या शिकारीला गेलेला एक माणूस आखून दिलेल्या वाटेवरून खाली पाय ठेवतो आणि एक फुलपाखरू चिरडले जाते. परतल्यावर पाट्यांवरचे शुद्धलेखन बदललेले असते आणि निवडणूक हुकूमशाही वृत्तीच्या उमेदवाराने जिंकलेली असते. पुढे १९६१ मध्ये हवामानशास्त्रज्ञ एडवर्ड लोरेन्झ यांनी संगणकात ०.५०६१२७ ऐवजी ०.५०६ ही संख्या घातली, तेव्हा हवामानाचा अंदाज काही काळाने पूर्णपणे वेगळा निघाला. कथेतील भीतीला गणितात आधार सापडला.

काळाचा प्रतिकार आणि त्याची किंमत

काही विश्वांत काळ निर्विकार नसतो. तो बदलाला विरोध करतो. स्टीफन किंग यांच्या '११/२२/६३' या २०११ मधील कादंबरीत हे फार बारकाईने दाखवले आहे. एका खाणावळीच्या कोठीघरातून १९५८ च्या सप्टेंबरातील एका ठरावीक क्षणी जाता येते. तिथे कितीही वर्षे काढली, तरी इकडे दोनच मिनिटे जातात. जेक एपिंग नावाचा शिक्षक अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष केनेडी यांची हत्या टाळण्यासाठी तिथे पाच वर्षे राहतो. बदल जितका मोठा, तितका भूतकाळ अडथळे घालतो : ऐनवेळी आजारपण येते, गाडी बंद पडते, हल्ला होतो. अखेर केनेडी वाचतात. पण जेक परततो ते भूकंपांनी खिळखिळ्या झालेल्या उद्ध्वस्त जगात. प्रत्येक फेरीने वास्तवाचा पोत उसवत गेलेला असतो. मग त्याला आपले सारे कर्तृत्व आणि त्या काळात गवसलेले प्रेमही सोडून द्यावे लागते. किंग यांच्या विश्वाचा नियम स्पष्ट आहे आणि त्यातून नायकाचीही सुटका नाही.

मार्व्हलच्या 'व्हॉट इफ...?' या २०२१ मधील मालिकेतला डॉक्टर स्ट्रेंजचा भाग हाच नियम अधिक कठोरपणे मांडतो. अपघातात गमावलेल्या प्रेयसीला वाचवण्यासाठी स्ट्रेंज भूतकाळात वारंवार जातो. पण तिचा मृत्यू हा त्या विश्वाचा अढळ बिंदू असतो, कारण त्या मृत्यूमुळेच तो जादूच्या मार्गाला लागलेला असतो. तो बिंदू तोडल्यावर त्याचे सारे विश्व विरघळते. प्रेयसीही जाते आणि एका लहानशा पारदर्शक बुडबुड्यात तो एकटा उरतो. या कथेला जे वजन आहे, ते नियम शेवटच्या क्षणीही शिथिल न केल्यामुळे.

विश्वांची टक्कर

बहुविश्वकथांमधील सर्वांत भयंकर विसंगती म्हणजे एका विश्वाचे दुसऱ्यात घुसणे. अमेरिकन कॉमिक्समध्ये समांतर पृथ्वीची कल्पना रुजवणारी 'फ्लॅश ऑफ टू वर्ल्ड्स' ही कथा १९६१ मध्ये आली. पुढील दोन दशकांत डीसी कॉमिक्सच्या पृथ्वींची संख्या इतकी वाढली की वाचकांचा गोंधळ होऊ लागला. तो निस्तरण्यासाठी मार्व्ह वुल्फमन आणि जॉर्ज पेरेझ यांनी १९८५-८६ मध्ये 'क्रायसिस ऑन इन्फिनिट अर्थ्‌स' ही १२ अंकांची मालिका केली. प्रतिद्रव्याची भिंत एकेक विश्व गिळत जाते, निरनिराळे कालखंड एकमेकांत मिसळतात आणि अखेर अनेक इतिहासांचा एकच इतिहास होतो. संपादकीय गरजेतून आलेली ही घटना कथेत मात्र अब्जावधी जिवांच्या नाशाची घटना आहे आणि मालिकेने ते झाकून ठेवलेले नाही.

जोनाथन हिकमन यांनी २०१३ पासून मार्व्हलसाठी लिहिलेल्या कथांत याला नैतिक धार आली. तिथे दोन विश्वांतील पृथ्वी एकमेकींवर आदळण्याच्या बेतात येतात. हाती फक्त आठ तास असतात. त्या वेळात एक पृथ्वी नष्ट केली तर दोन्ही विश्वे वाचतात, नाहीतर दोन्ही संपतात. समोरच्या पृथ्वीवर वाईट माणसे नाहीत. तिथेही तशीच घरे आणि तशीच मुले आहेत. 'लोकी' या २०२१ मधील मालिकेत हाच प्रश्न कारभाराच्या पातळीवर येतो. एक संस्था काळाचा मूळ प्रवाह जपण्याच्या नावाखाली फुटलेल्या शाखा छाटून टाकते आणि त्या शाखांत जगणाऱ्यांना चूक समजते. इथे विसंगती कोणाला म्हणायचे, हे सत्तेने ठरवलेले असते. जी घटना एकाच्या दृष्टीने बिघाड आहे, ती दुसऱ्याच्या दृष्टीने त्याचे सारे आयुष्य असते. या साहित्यातला हा सर्वांत महत्त्वाचा विचार आहे.

मराठीतील ठळक उदाहरण

मराठीत हा विषय ठामपणे आणला जयंत नारळीकर यांनी. हॉइल हे केंब्रिजमध्ये त्यांचे मार्गदर्शक होते आणि गुरुशिष्य दोघांनीही विज्ञानकथा लिहिल्या. नारळीकरांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेतील इतिहासाचे प्राध्यापक एका अपघातानंतर अशा जगात जातात, जिथे १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर मराठ्यांचा विजय झाला आहे. विश्वासरावांना लागलेली गोळी त्या इतिहासात निसटती गेली, एवढाच मुळातला फरक. त्यावरून पुढचा सारा इतिहास वेगळा घडला. परतल्यावर गंगाधरपंतांच्या हाती त्या जगातील बखरीचे एक पान उरते. या जगातील बखरीच्या पानाशी ते जवळजवळ जुळते. वेगळा आहे तो गोळीचा तपशील. राजेंद्र देशपांडे हा शास्त्रज्ञ आकस्मिक बदलांचे गणित आणि पुंजभौतिकीतील अनिश्चितता यांच्या आधारे त्यांना या अनुभवाचा अर्थ समजावून देतो.

या कथेत विश्वांची टक्कर नाही आणि कोणी मरतही नाही. तरी तिच्यात धोका आहे. गंगाधरपंत दुसऱ्या जगातल्या सभेत रिकामी असलेली अध्यक्षांची खुर्ची पाहून, आपल्या जगातील सवयीने व्यासपीठावर जाऊन बसतात आणि श्रोते खवळतात, कारण त्या जगात अध्यक्षीय भाषणांची पद्धत केव्हाच बंद झाली आहे. इतिहास एका ठिकाणी वळला की राज्ये बदलतातच, शिवाय सभेचे रीतिरिवाजही बदलतात आणि जाणता माणूस तिथे अडाणी ठरतो. पानिपतावर काय झाले असते तर, हा मराठी मनात खोल रुतलेला प्रश्न नारळीकरांनी हळहळीतून बाहेर काढला आणि शास्त्रीय विचाराच्या कक्षेत आणला.

वाचनाची दिशा

कालविसंगतींच्या कथांमध्ये कमअस्सल लेखन बरेच आहे. संकट वाढवत न्यायचे आणि शेवटी काळ मागे फिरवून सारे पूर्ववत करायचे, ही पळवाट अनेकदा वापरली जाते. जिथे कोणतीही हानी भरून काढता येते, तिथे धोका केवळ नावाला उरतो. चांगल्या कथेत नियम आधी घालून दिलेला असतो, लेखक स्वतः तो पाळतो आणि नायकालाही त्याची किंमत चुकवावी लागते. पुसल्या गेलेल्या शाखेतील माणसांची आठवण ठेवणे, हे अशा कथेचे आणखी एक लक्षण. या कसोटीवर लीन्स्टर, हॉइल, किंग आणि नारळीकर यांच्या कृती आजही टिकतात. या साहित्याकडे वळणाऱ्या वाचकाने प्रत्येक कथेत आधी तिचा नियम शोधावा आणि मग लेखकाने तो शेवटपर्यंत पाळला का, हे पाहावे. ज्या कथेने तो मधेच सोडून दिला असेल, तिच्यातले संकट कितीही भव्य असले, तरी ते खरे मानण्याचे कारण नाही.